सारवलेली जमीन

सावली गावाजवळच्या उत्खननात पहिल्यांदाच एक अख्खा खड्डा माझ्या हवाली केला होता. आमच्या घरात कॉलेज शिकलेला मी पहिला, त्यामुळे मान जरा ताठच होती. मजूर बायांत एक बाई होत्या. खुरपीनं काढलेली माती आधी तळहातावर घेऊन अंगठ्यानं चुरायच्या, मगच घमेल्यात टाकायच्या. मला ते वेळखाऊ वाटायचं.

एका दुपारी मी म्हणालो, "बाई, आता कुदळ घ्या. आज हातभर खाली जायचंय."

"मी नाई मारत जी कुदळ. कोनाचं तरी घर हाये हे. सारवलेलं हाये."

"कशावरून?"

"बोटं दिसून राह्यली ना!" त्यांनी फुंकर मारली. पिवळट थरावर अर्धगोल रेघा उमटलेल्या होत्या. "तुमच्या घरी कोन सारवते?"

"आई."

"मंग तिले इचारा. कॉलेजात नसन शिकवलं." बाकीच्या बाया खो खो हसल्या. "अन् आधी ते बूट काढा. सारवल्यावर बूट घालून कोनी फिरते का?"

आईला सारवताना मी लहानपणापासून पाहिलंय. तरी एका घावात मी ती जुनी जमीन फोडली असती.

संध्याकाळी आमचे प्रमुख आले. जमीन बाईंनी ओळखली, हे मी सगळ्यांदेखत सांगितलं. ते खूश होऊन खाली उतरू लागले, तोच बाईंनी हात आडवा केला.

"सर, बूट."

प्रमुखांनी माझ्याकडे पाहिलं. मी खड्ड्यात अनवाणी उभा होतो.