माझ्या गैरहजेरीची साक्ष

महादेवी, माझं लग्न मोडलं त्या उन्हाळ्यात मी सोलापूरच्या सरकारी वसतिगृहात स्वयंपाकाला निघाले, तेव्हा मैंदर्गीच्या स्टँडवर तू अव्वाचा पदर धरून उभी होतीस. अव्वा कन्नडात एवढंच म्हणाली, "होगी बा." जाऊन ये. अप्पांनी खिडकीतून पिशवी आत दिली. "सरकारी काम हाय," म्हणाले. "धरून ऱ्हा. आज ना उद्या कायम करतील की."

सात रस्त्याजवळच्या त्या वसतिगृहात मी रोजंदारीवर लागले. सकाळी ऐंशी मुलींचा उपमा, दुपारी भाकरी-आमटी. गावाकडं तुम्हाला वाटायचं, अक्का सरकारी नोकरीत आहे. मीही कधी खोडून काढलं नाही. खरं तर दर काही महिन्यांनी मस्टरवरून आमची नावं दोन दिवस गायब व्हायची. काम मात्र त्या दिवशीही चालूच. ऑफिसात त्याला ब्रेक म्हणत. नोकरी सलग दिसली तर बाया हक्क सांगतील, म्हणून.

वीस वर्षांनी आम्ही चौघींनी, कायम करा, असा दावा कामगार कोर्टात घातला. आता एकही रजा नको, असं वकीलबाईंनी बजावलं. त्याच वर्षी अव्वानं अंथरूण धरलं. एका रविवारी मी येऊन तिला बघून गेले, संध्याकाळच्या गाडीनं परत. गुरुवारी सकाळी अव्वा गेल्याचा तुझा फोन आला, तेव्हा भाताचं आधण ठेवलं होतं. दुपारची जेवणं उरकून निघाले. पोचले तोवर माती झाली होती. मी रडले नाही, हे तू पाहिलंस. त्यानंतर सहा वर्षं माझ्याशी बोलली नाहीस.

कोर्टात मस्टर आलं, तर नेमका त्या गुरुवारी माझा ब्रेक दाखवलेला. समोरचे वकील म्हणाले, आई वारली म्हणून बाई गावी होत्या. आमच्या वकीलबाईंनी विचारलं, तुम्ही मातीला नव्हता असं सांगणारं गावात कोणी आहे का? मी तुझं नाव दिलं. ती येणार नाही, हेही सांगितलं.

तू आलीस. साक्षीला उभी राहिलीस आणि माझ्याकडं न बघता म्हणालीस, "न्हाय, ही मातीला नव्हती. आमी लई वाट बघितली. कामावर हाय म्हणाली. आईपरास काम मोठं हिला." टायपिस्टनं ते सगळं उतरवून घेतलं. बाहेर मी चहा विचारला, तर तू म्हणालीस, "माझी यष्टी हाय."

गेल्या महिन्यात निकाल लागला. आम्हाला कायम करण्याचा आदेश आहे. तुझ्या साक्षीचा त्यात एक परिच्छेद आहे: अर्जदार अंत्यविधीस हजर नव्हत्या. तिघींनी पेढे वाटले. मीही एक खाल्ला आणि कणीक मळायला बसले. आनंद होईल म्हणून वाट पाहिली. झाला नाही. दुःखही काही वाटलं नाही. मला रिटायर व्हायला चौदा महिने उरलेत.

आता सर्व्हिस बुकासाठी फॉर्म दिलाय. सगळं भरलं. कायमचा पत्ता तेवढा कोरा आहे. इथली खोली वसतिगृहाची, आणि अप्पांचं घर तू सांभाळतेस. क्लार्कनं सोमवारपर्यंत फॉर्म मागितलाय. तू हो म्हणालीस, तर मैंदर्गी लिहीन.