बारा डबे फणस

मालिनीला कौतुकाचा भारी संशय. नवऱ्याच्या, म्हणजे आत्मारामच्या नोकरीपायी डुसेलडॉर्फला आल्यावर ती आठ वर्षं घरीच बसली होती. २०१६ साली तिला पहिलं काम मिळालं: एका खाद्यकंपनीचा डबाबंद कच्चा फणस तिथल्या जपानी कुटुंबांच्या गळी उतरवायचा. दर शनिवारी जपानी दुकानात टेबल मांडायचं, फणस परतायचा आणि चाखायला द्यायचा. तीन महिने डबे खपले तर पक्की नोकरी.

डबे खपत होते. बायका एकेक तुकडा खात, छान छान म्हणत, कमरेत वाकत आणि एकेक डबा घेऊन जात. कंपनीची साहेबीण फ्राऊ लिंडनर खूश. मालिनी मात्र घरी येऊन धुमसायची.

"अहो, फणस झाडाला लागतो की जमिनीत, हेही ठाऊक नाही त्यांना, आणि एवढं कौतुक? यात काहीतरी काळंबेरं आहे. कंपनीच माणसं पाठवत असणार!"

"आल्झो, डबे जातायत ना? मग तुझं काय दुखतंय?" आत्माराम जर्मन थाटात म्हणाला. पुरुषांना काय, खपल्याशी मतलब.

बाराव्या शनिवारी हायाशी-सान नावाच्या गिऱ्हाइकानं तिला घरी चहाला बोलावलं. ही बाई एकही शनिवार चुकली नव्हती. मालिनी गेली ती छडा लावायलाच. स्वयंपाकघरातल्या फळीवर बारा डबे, एकही न उघडलेला.

"कंपनीनं किती पैसे दिले तुम्हाला?" मालिनीनं मोडक्यातोडक्या जर्मनमध्ये सरळ विचारलं.

हायाशी-सान लाल झाली. "कुणी नाही दिले. तुम्ही एवढं मनापासून करता. चाखून तसंच निघून जाणं बरं दिसत नाही."

"मग खात का नाही? खरं सांगा, माझी शपथ आहे!"

हायाशी-साननं कप खाली ठेवला. मग हळूच म्हणाली, "फार खारट असतो."

मालिनीनं तिथल्या तिथे डबा उघडून आतल्या पाण्यात बोट बुडवून चाटलं. नुसतं मीठ! धुऊन घ्या, असं डब्यावर लिहिलेलं होतं. पण कोकणातल्या लेकीला फणस कोण शिकवणार? तिनं वाचलंच नव्हतं, वर सवयीनं आणखी मीठ घालत आली होती. शनिवारचा उपास, त्यामुळे स्वतः कधी चाखलाही नव्हता. तीन महिने तिनं सगळ्यांवर संशय घेतला, तेवढा स्वतःच्या हातावर घ्यायचा राहिला. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

सोमवारी फ्राऊ लिंडनर करारावर सही करायला बसली.

"थांबा," मालिनी म्हणाली. "माझा फणस कुणालाच आवडलेला नाही." आणि डोळे पुसत तिनं मिठापासून उपासापर्यंत सगळं सांगून टाकलं.

फ्राऊ लिंडनरनं पेन खाली ठेवलं. "पक्की नोकरी आत्ता नाही. आणखी तीन महिने बघू," ती म्हणाली. "पण टेबल शुक्रवारी मांडायचं."