ढगाची कड

मुरबाड तालुक्यात नाणेघाटाच्या पायथ्याला गोमाचं गाव. डोंगरावर जायचं तर आधी गोमाला विचारायचं, हा तिथला चाळीस वर्षांचा रिवाज. समुद्राकडून आलेलं वारं कड्याला धडकून वर चढतं आणि माथ्यावर ढग धरतो. तो जागचा हलत नाही, आणि नवखा माणूस तिथंच फसतो. वर वारं घोंगावत असतं. ढग एका अंगाने नवा होतो, दुसऱ्या अंगाने विरतो, म्हणून थांबल्यासारखा वाटतो. खूण एकच, त्याची कड. ती पिंजलेली दिसली की वर माणसाचा पाय ठरत नाही.

दोन वर्षांपासून गोमाच्या डोळ्यांत मोतीबिंदू होता. त्याने कुणाला कळू दिलं नव्हतं. गावात तेवढाच काय तो मान, तो कसा सुटावा?

भादव्यात त्याची गाभण गाय वरच्या माळावर राहिली. सकाळी ओट्यावर चार माणसं बसलेली. बायको शकू गाय आणायला निघाली, तसं गोमाने सवयीने वर पाहिलं. पांढरं काहीतरी दिसलं, एवढंच.

"कड साफ हाय. जा," तो म्हणाला. शकूनेही एकवार वर पाहिलं आणि ती गेली.

दुपारी पत्रे थडथडू लागले. शेजारचा अक्षय अंगणात येऊन म्हणाला, कडेचा पार कापूस झालाय, काकी कुठंय? गोमा चाचपडत चढणीपर्यंत पोचला. हाका मारल्या, त्या वाऱ्याने तोंडातच कोंबल्या. वरचा उघडा कडा त्याला पाठ होता, म्हणून भीती जास्त. आपणच तिला मरायला धाडली, एवढंच डोक्यात घुमत होतं. डोंगरच्या देवाला त्याने नारळ कबूल केला.

दिवस कलताना गाईची घंटा वाजली. शेपटी घट्ट धरून शकू उतरत होती, गुडघे सोलपटलेले. कड्यावर ती गाईच्या आडोशाने सरपटत आली होती. गोमाने तिचं तोंड हातांनी चाचपलं.

"मला दिसत नाय गो."

"ठावं हाय. कड पिंजलेली मी सकाळीच पायली."

"मग गेलीस कशाला?"

"चार मान्सांत तुमचा शबुद कसा खाली पाडू?"

गोमाने चाचपडत तिच्या हातातून गाईची शेपटी सोडवली.

दुसऱ्या दिवशी ओट्यावर कुणीतरी विचारलं, आज ढग कसा? गोमाने वर पाहिलंच नाही.

"शकूला इचारा," तो म्हणाला. "मला दिसत नाय."