कॅप्टन टॅगर्टचे मिटलेले डोळे

थँक्सगिव्हिंगच्या सणाला झालेल्या फुटबॉल सामन्यात कॅप्टन टॅगर्ट बाकावर बसून चक्क घोरत होते, ही बातमी न्हाव्याच्या दुकानातून निघाली. चर्चच्या पायरीपर्यंत पोहोचेस्तोवर कॅप्टनांच्या खिशात बाटलीही सापडली होती.

बाटली खोटी. लिंबाच्या सरबतापलीकडे त्यांची कधी मजल गेली नाही. घोरणंही खोटं. डोळे मात्र मिटलेले होते, आणि ते खुद्द हेस्टर प्रुइटने पाहिलं होतं. कॅप्टन राहायचे तिच्याच घरात, वरच्या खोलीत. त्यामुळे सगळं एल्मरिज गाव तिलाच विचारी, आणि तिला काहीच सांगता येत नसे. नवरा गेला तेव्हाही बाईची एवढी पंचाईत झाली नव्हती.

कॅप्टन वीस वर्षं घोडदळात होते. फिलिपिन्समध्ये गुडघ्यात गोळी बसली, तेव्हा लष्कराने त्यांना इथल्या कॉलेजात पोरांना कवायत शिकवायला धाडलं. कवायतीच्या जोडीला फुटबॉल आला. चेंडू पोटाशी धरायचा आणि समोरच्यावर तुटून पडायचं, हा तेव्हाचा फुटबॉल कॅप्टनांना पटण्यासारखाच होता. सरावाला त्यांनी हुकूम सोडला की हेस्टरच्या कोंबड्या खुराड्यात शिरत.

पण सामना सुरू झाला की प्रशिक्षकाने बाकावरून ब्र काढायचा नाही, खूणही करायची नाही, असा नियम. गेल्या वर्षी कॅप्टनांनी नुसती टोपी काढली. पंच म्हणाला, खूण केली. पंधरा यार्ड मागे जावं लागलं आणि सामना हातचा गेला. (खूणच होती म्हणा.) यंदाही हरले तर विश्वस्त त्यांच्या हातात नारळ देणार, हे कॉलेजच्या शिपायालासुद्धा ठाऊक होतं.

शेवटची दोन मिनिटं उरली, एल्मरिज चार गुणांनी मागे. मैदानात डाव ठरवायचं काम संघातल्या लायल बेन्सनचं. त्याने बाकाकडे पाहिलं. कॅप्टनांचे डोळे बंद. परत पाहिलं, तरी बंदच.

"म्हातारा गेला की काय रे?" शेजारचा पुटपुटला.

"जाऊ दे. आता आपलं आपणच बघायचं," लायल म्हणाला, आणि त्याने चेंडू सरळ पुढे हवेत भिरकावला. ही फेक नियमात बसायला लागून दोनच वर्षं झाली होती. कॅप्टन तिला सर्कस म्हणत, सरावात तिचं नाव काढू देत नसत. चेंडू नुसता खाली पडला असता तरी पुन्हा पंधरा यार्ड गेले असते. पण टोकाला उभ्या असलेल्या काटकुळ्या पोराने तो झेलला आणि शेवटच्या रेघेपार नेला. त्याचे तेव्हा पाच गुण मिळत. पाच विरुद्ध चार!

सोमवारी विश्वस्तांची बैठक झाली. चार विरुद्ध तीन मतांनी कॅप्टन आणखी वर्षभर राहिले. संध्याकाळी हेस्टरने सफरचंदाचा केक टेबलावर आणला आणि ताटलीवर हात ठेवला.

"आधी खरं सांगा, कॅप्टन. झोपला होतात ना?"

"नाही, बाई."

"मग काय, प्रार्थना?"

"आमच्या संघासाठी? देवाला दुसरी कामं आहेत."

"अहो, मग डोळे कशाला मिटले होते? गाव माझा जीव खातंय!"

कॅप्टनांनी ताटली हळूच आपल्याकडे ओढली.

"पोरं माझ्या डोळ्यांकडे बघून खेळतात, बाई. उघडे असते, तर तो चेंडू मी फेकू दिला नसता."