जास्तीच्या दोन सळया

देवदत्तला सगळंच थोडं जास्तीचं लागायचं. एस-बान लोकल चुकू नये म्हणून तो आधीची गाडी पकडायचा आणि फ्रँकफर्टच्या फलाटावर कुडकुडत बसायचा. हा गुण वडिलांचा. सुधीरराव कराडला बांधकामाची कंत्राटं घेत आणि नकाशात बीमला तीन सळया असल्या की पाच टाकत. "लोखंड जास्त झालं म्हणून कुणाचं घर पडलेलं ऐकलंय का?" असं ते इंजिनिअरला विचारत. इंजिनिअरनंही ऐकलेलं नसे.

आता मुलगा जर्मनीतल्या एका तांत्रिक विद्यापीठात पीएचडी करत होता आणि नेमका उलटा धडा गिरवत होता. बीमला लोखंड बेतानं घातलं, तर भार वाढल्यावर ते आधी ताणलं जातं. बीम वाकतो, तडे जातात, माणसं वेळेवर पळतात. लोखंड फार झालं, तर ते हूं की चूं करत नाही. वरचं काँक्रीटच चिरडलं जातं आणि बीम एकदम कोसळतो. देवदत्त हे पहिल्या वर्षाच्या मुलांना रंगीत खडूनं समजावून सांगायचा. त्याला कळलं होतं सगळं, पटायचं तेवढं राहिलं होतं.

त्यानं तड्यांची चाहूल लागताच इशारा देणारं यंत्र बनवलं होतं. संशोधनाला पैसे देणाऱ्या कंपनीच्या पाहुण्यांसमोर ते चाललं तरच त्याचा विद्यापीठाशी असलेला करार वाढणार होता, नाही तर चंबूगबाळं आवरून कराड. चाचणीच्या बीमचा सळयांचा पिंजरा त्यानं नकाशाबरहुकूम बांधला. लॅबचा तंत्रज्ञ फायरआबेंड, म्हणजे आजचं काम संपलं, म्हणत घरी गेला आणि देवदत्त एकटाच पिंजऱ्याकडे बघत राहिला. खाली तीनच सळया, बिचाऱ्या केविलवाण्या. पाहुण्यांसमोर बीम लवकर गेला तर काय अब्रू राहणार? त्यानं कोपऱ्यातल्या दोन जाड सळया उचलल्या आणि तारेनं घट्ट बांधून टाकल्या. त्या रात्री त्याला छान झोप लागली.

काँक्रीट ओतून महिना झाल्यावर, चाचणीच्या दिवशी भार चढत गेला. बीम ढिम्म. यंत्रही गप्प. पाहुण्यांची कॉफी संपली.

"आल्झो... तर मग, देवदत्त, इशारा कधी येणार?" प्रोफेसरबाईंनी विचारलं.

"येईलच," तो म्हणाला, आणि बीम धाडकन मोडला. एक पाहुणा चक्क टेबलाखाली गेला. यंत्रानं चकार शब्द काढला नाही. फुटलेल्या काँक्रीटमधून पाच सळया बाहेर डोकावत होत्या.

बाईंनी वाकून पाहिलं. त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

"नकाशात तीन होत्या ना?"

"सुरक्षितता म्हणून दोन जास्त घातल्या."

"गेनाऊ, अगदी बरोबर," त्या शांतपणे म्हणाल्या. करार वाढला नाही.

देवदत्तनं खालमानेनं घरी फोन लावला. शिव्या खायची तयारी होती, पण सुधीरराव खूष झाले.

"ये की! अरे, मी तुझ्यासाठी वरचा मजला चढवायला घेतलाय. विटा, वाळू, सिमेंट, सगळं कालच गच्चीवर नेऊन टाकलं. केवढा ढीग झालाय! पण आपल्या बीमला एक तडा दाखव. लोखंड दाबून घातलंय मी."

देवदत्त ताडकन उभा राहिला.

"बाबा, आई कुठाय?"

"इथंच, खाली. स्वयंपाकघरात."

"तिला घेऊन अंगणात जा. आत्ताच्या आत्ता."