बांधावरचं बांडगूळ

बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षी माझं सगळं भवितव्य आमच्या बांधावरच्या आंब्याला लटकलं होतं. म्हणजे त्या आंब्यावरच्या बांडगुळाला. वडिलांनी, आमच्या दादांनी, सांगूनच टाकलं होतं: पास झालीस तर पुण्याला एम.एस्सी.ला जा, नाहीतर भिंगारचं स्थळ तयार आहे. मुलगा लष्करी कचेरीत कारकून होता आणि त्याच्या मिशीबद्दल आई जरा जास्तच चांगलं बोलायची.

नगरला कॉलेजात सरांनी वेगळाच घोळ घातला होता. बांडगुळांचं जुनं एकत्र कुटुंब शास्त्रज्ञांनी मोडलं होतं, वाटण्या झाल्या होत्या आणि ज्याची त्याची प्रजाती आता वेगळी होती. "सरसकट लोरँथस हे जुनं नाव लिहाल तर मार्क कापीन," सर म्हणाले. "पाकळ्यांची नळी बघा, मग डेंड्रोफ्थी म्हणा." शिवाय प्रात्यक्षिक परीक्षेला प्रत्येकानं आणायच्या नमुन्यात फूल, पान आणि बांडगूळ झाडात घुसतं तो जोड, तिन्ही हवेत.

ते दुष्काळाचं साल. शिवारात हिरवं असं तेवढं बांडगूळच उरलं होतं आणि ते तोडायला दादा कोयत्याला धार लावून बसले होते. फुलेपर्यंत थांबा म्हणून मी विनवण्या केल्या. हे अर्धंच परजीवी असतं, झाडाकडून पाणी घेतं, अन्न स्वतःच्या पानांत तयार करतं, हेही समजावलं.

"मंजी पानी आपलं, सैपाक त्याचा," दादा म्हणाले. "भाडेकरू हाय म्हन की. भाडं कोन देतं?"

तरी कोयता खुंटीला गेला. दर रविवारी मी एस.टी.तून उतरले की दादा म्हणायचे, "तुझा भाडेकरू अजून फुलला न्हाई बरं का."

फुलला तो परीक्षेच्या तोंडावर. मी घरी पोचले तर आईनं काम उरकून ठेवलेलं. लांब काठीच्या आकडीनं सगळं बांडगूळ ओढून, देवपूजेला खुडतात तशी नुसती फुलं खुडून परडीत ओल्या फडक्याखाली झाकली होती. पानं, फांद्या शेळीपुढं.

"तुला फुलंच पायजे हुती ना?" आई कौतुकानं म्हणाली. "एक बी चुरगाळू दिलं न्हाई."

नुसतं फूल चालत नाही, जोड लागतो, एवढं सांगता सांगता मला रडू फुटलं. आईला राग कुणावर काढावा कळेना, तिनं शेळीला दोन रट्टे दिले.

"भिंगारला सांगावा धाडू का मग?" दादांनी विचारलं. मला त्यांचा भयंकर राग आला.

ते कोयता घेऊन निघाले तशी मीही मागोमाग गेले. आईची आकडी न पोचलेला एक झुबका शेंड्याला राहिला होता. दादा त्या वयात वर चढले. त्या साली आंब्याला मोजक्याच कैऱ्या धरल्या होत्या, त्यातल्या बऱ्याचशा त्याच फांदीवर होत्या. नुसता झुबका काढतील असं मला वाटलं होतं, पण अख्खी फांदीच खाली आली, जोडासकट, कैऱ्यांसकट.

दादा उतरले, कैऱ्या वेचून माझ्या ओढणीत टाकल्या.

"आईला दे, लोनचं घालंल," ते म्हणाले. "पुन्याला न्यायला लागंल."