वारंगा फाट्यावरचा रशियातज्ज्ञ

हिंगोली जिल्ह्यात रशियन भाषा जाणणारा मी एकटाच, असं मी गेली कित्येक वर्षं सांगत आलो आहे. ते खरं असावं, कारण आजवर कुणी खोडून काढलेलं नाही. खोडून काढायला दुसरा रशियन जाणणारा लागतो. या सोयीवर मी आयुष्यभर बिनधास्त चुका केल्या.

ऐंशीच्या दशकात शिष्यवृत्ती मिळाली आणि ट्रॅक्टरचं इंजिनिअरिंग शिकायला मी हट्ट्याहून निघालो तो खारकीव्हला जाऊन पोचलो. तेव्हा सगळा एकच सोव्हिएत देश होता. 'रशियात सुखरूप पोचलो,' असं मी घरी पत्र टाकलं. हे शहर युक्रेनमध्ये आहे हे मला वर्ष संपता संपता कळलं, आणि कळल्यावरही त्यानं काही फरक पडतो असं वाटलं नाही. ही माझी पहिली चूक. ती दुरुस्त व्हायला चाळीस वर्षं लागली.

परत आल्यावर सरकारी खात्यात चिकटलो, आणि त्या भाषेचा उपयोग फक्त बायकोवर रागावण्यापुरता उरला. तिला एकच शब्द यायचा, 'खराशो', म्हणजे ठीक आहे. मी पाच मिनिटं तावातावानं रशियन झोडलं की ती भाकरी थापता थापता 'खराशो' म्हणायची, आणि भांडण तिथंच संपायचं. तिला जाऊन चार वर्षं झाली. निवृत्तीनंतर वारंगा फाट्याजवळ बांधलेल्या घरात आता मी आणि एक टीव्ही.

म्हणजे रशियन बोलायला उरला एक माणूस. होस्टेलवर पाच वर्षं माझ्या खोलीत राहिलेला मित्र. तो खारकीव्हपासून काही तासांवरच्या एका खेड्यातला. कॉलेजात झकास रशियन बोलायचा. पण महिन्यातून एकदा त्याची आई बसनं यायची, लोणच्याच्या बरण्या आणि भाजलेल्या बिया घेऊन, तेव्हा तिच्याशी तो युक्रेनियन बोलायचा. बोलायचा म्हणजे कुजबुजायचा. जिन्यात कुणाचं पाऊल वाजलं की वाक्य अर्ध्यात सोडून रशियनवर यायचा. शहरातली पोरं त्या भाषेला खेडवळ म्हणून हसत. मला ही गंमत चांगली समजायला हवी होती. परभणीला कॉलेजात मी 'न्हाई' म्हटलं की मागचा बाक हसायचा, आणि महिनाभरात मी 'नाही' म्हणायला शिकलो होतो.

एका सुट्टीत तो मला गावी घेऊन गेला. त्याच्या आईनं बिटाचं लालभडक सूप वाढलं, वर लसणाचा पाव. मी खूश होऊन म्हणालो, "मावशी, तुमची बोली मला जवळजवळ सगळी कळते. खेड्यातली रशियनच आहे ही." मी कौतुक करत होतो. तिनं पळी पातेल्यात ठेवली आणि खिडकीबाहेर बघितलं. मित्रानं टेबलाखालून माझा पाय दाबला. मग तिनं मला आणखी एक वाटी वाढली. मला वाटलं, कौतुक पोचलं.

पुढं पत्रं, मग फोन, मग मोबाइलवरचे निरोप. दर रविवारी एक, सगळे रशियनमध्ये. त्याची मुलं, माझी मुलगी, त्याचे गुडघे, माझी साखर. मी ज्या भाषेत तरुण होतो ती फक्त त्या रविवारी जिवंत व्हायची.

मग युद्ध सुरू झालं. पहिल्या काही आठवड्यांत त्यानं एवढंच कळवलं, की मुलांना पश्चिमेला पाठवलंय, आपण खारकीव्हमध्येच आहोत, आणि यापुढं रशियनमध्ये लिहिणार नाही. हे शेवटचं वाक्य मात्र रशियनमध्ये होतं. मला राग आला. युद्धाचा येतो तसा नव्हे, खास माझा असा. आमच्या दोघांत एकच भाषा होती आणि ती त्यानं मला न विचारता टाकून दिली. मी ठरवलं, चिडलाय, होईल शांत. माझे वडील निजामाच्या राज्यात उर्दू शाळेत शिकले. घरी मराठी, शाळेत उर्दू. राज्य गेलं, तरी म्हातारपणापर्यंत उर्दूवर त्यांचा जीव होता. भाषेनं कुणाचं काय बिघडवलं, असा माझा सरळ हिशेब. वडिलांना उर्दूनं कधी बॉम्ब मारला नव्हता, ही बाब माझ्या हिशेबातून सुटली.

फाट्यावरच्या चहाच्या हॉटेलात मात्र माझा भाव वधारला. टीव्हीवर बातम्या लागल्या की सगळे माझ्याकडं बघायचे. एके दिवशी हॉटेलवाल्यानं विचारलं, "सायब, हे दोघं काहून भांडून राहिले?" शेजारच्या मोबाइल दुरुस्तीवाल्याचं फोनवरच एक बातम्यांचं चॅनेल होतं. त्यानं लगेच कॅमेरा धरला. कॅमेरा पाहून माझा आवाज बदलला. मी म्हणालो, की हे दोघे सख्खे भाऊ, एकच लोक, एकच भाषा. आपल्यात हट्टा आणि वसमत, तसं त्यांच्यात. बोली थोडी इकडची तिकडची. भांडण पुढाऱ्यांचं. लोकांनी माना डोलावल्या. हॉटेलवाल्यानं माझ्या चहात जास्तीचं आलं घातलं.

इथवर ठीक होतं. आमच्या तालुक्यातली माझी विद्वत्ता त्या युद्धाला काही इजा करत नव्हती. पण मला राहवेना. मित्राला दाखवावंसं वाटलं, की बघ, इथं इतक्या लांब माणसं तुमच्याबद्दल बोलतात, आणि मी त्यांना समजावून सांगतो. मी तो व्हिडिओ त्याला पाठवला. मराठी त्याला कळणार नाही, म्हणून खाली नीट भाषांतर लिहिलं. रशियनमध्ये. तुम्ही एकच लोक, तुमची एकच भाषा.

आमच्याकडं दुपार झाली की त्याची सकाळ. त्या दुपारी त्याचं उत्तर आलं, युक्रेनियनमध्ये, एकच ओळ. 'तू माझ्या आईच्या हातचं जेवला आहेस.' मला ती ओळ न अडता कळली. जिला मी वेगळी भाषा मानायला तयार नव्हतो, तिनंच मला जागच्या जागी बसवलं.

मी लगेच खुलासा लिहिला. मग खुलाशाचा खुलासा. त्यापुढं एकच टिक राहिली, म्हणजे निरोप माझ्याकडून निघाला, त्याच्यापर्यंत पोचला नाही. आठवडा झाला, पंधरवडा झाला. टीव्हीवर खारकीव्हच्या इमारती दिसायच्या, वरचे मजले उघडे पडलेल्या. मी खिडक्या मोजत आमचं होस्टेल शोधायचो. त्यानं माझा नंबर बंद केला असेल तर तो रागावलेला आहे, म्हणजे जिवंत आहे. नाही तर दुसरं. माणूस आपल्यावर कायमचा रागावलेला असू दे, असं देवाकडं मागायची वेळ माझ्यावर आली.

हे मी शेजारच्या गुरुजींना सांगितलं. ते शिरड शहापूरचे, जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त. सकाळी आम्ही दोघं कालव्यापर्यंत चालतो. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मला वाटलं, समजूत घालतील.

"इंजिनेर," ते म्हणाले, "आमाला पिढ्यान्‌पिढ्या दुसऱ्यानं सांगितलं, तुमी कोण हाव ते. आमच्या बापानं नागपूरला जाऊन दीक्षा घेतली, तवा आमी आमचं सांगितलं. आन् तुमी त्या माणसाला, त्याच्या घरावर बॉम्ब पडत असताना, सांगून राहिले तू कोण हायस ते."

मी म्हणालो, माझा हेतू चांगला होता.

"सांगणाऱ्याचा हेतू चांगलाच असतो," गुरुजी म्हणाले, आणि रोजच्या वळणावरून परत फिरले.

चूक जिथं केली तिथंच फेडावी, म्हणून मी मोबाइलवाल्याकडं गेलो. म्हणालो, दुसरा व्हिडिओ करू, पहिला चुकीचा होता, ती भाषा वेगळी आहे, माणसंही वेगळी. त्यानं हातातला फोन उघडा ठेवून माझ्याकडं बघितलं. "सायब, युद्ध आता जुनं झालं. हळदीवरच्या करप्यावर बोलता का? लोक पाहतेत." हॉटेलात मी तेच तोंडी सांगून पाहिलं. हॉटेलवाला "बराबर हाय" म्हणाला. आधीच्या वेळीही तो तेच म्हणाला होता.

मग मी मोबाइलवर युक्रेनियन शिकायला बसलो. वय बासष्ट. जिथं जिथं माझं रशियन मला मदत करायला धावून यायचं, तिथं तिथं ते मला तोंडावर पाडायचं. ओळखीचा वाटणारा शब्द हमखास फसवायचा. दीड महिन्यानं मी चार ओळी लिहिल्या. मी चुकलो. तुझ्या आईची माफी मागायची आहे, सूप घेताना मी जे बोललो त्याची. तू कोण आहेस ते तू सांग. फक्त आहेस एवढं कळव. मोबाइलकडून तपासून घेतलं नाही. चुका माझ्याच असाव्यात, असं वाटलं. आणि पाठवून दिलं. एकच टिक.

अकरा दिवसांनी, मी अंगणात लाकडी चौकटीवर डिंगऱ्या, म्हणजे मुळ्याच्या शेंगा, वाळत घालत होतो तेव्हा, फोन वाजला नाही, नुसता थरथरला. दोन टिका. मग उत्तर.

'मी आहे. घर गेलं, फोनही त्यातच गेला. बहिणीकडं पश्चिमेला आलोय. आई गेल्या थंडीत गावी वारली, झोपेत. चौथी ओळ आमच्याकडं कुणी अशी लिहीत नाही. पण कळली.'

म्हणजे तो इतके दिवस रागावला आहे असं मी धरून चाललो होतो, तेव्हा त्याच्यापाशी रागवायला फोनसुद्धा नव्हता. मी फोन लावला. त्यानं उचलला. आणि मग आमची पंचाईत झाली. तो रशियन बोलणार नव्हता, आणि मी पठ्ठ्या युक्रेनियनच्या बाराव्या धड्यावर होतो. चाळीस वर्षांची मैत्री, आणि माझ्याजवळ हवा, भाजी, खोली, वार एवढेच शब्द. त्यानं लहान लेकराशी बोलावं तसं एकेक शब्द सोडवून विचारलं, तिकडं ऊन आहे का. मी म्हणालो, आहे, फार. मी विचारलं, तुझी खोली मोठी आहे का. तो म्हणाला, लहान आहे. खिडकी आहे. मी म्हणालो, खिडकी चांगली.

आईबद्दल बोलायचं होतं. झालं, होती, गेली, असलं काही सांगायचा धडा अजून आला नव्हता. एका क्षणी रशियन वाक्य सबंध तयार होऊन माझ्या जिभेवर आलं, चांगलं, सुंदर वाक्य. मी ते गिळलं. त्यालाही ते कळलं असावं, कारण तोही थांबला. मागं त्याच्या बहिणीच्या घरात कुणीतरी भांडी विसळत होतं.

मग तो म्हणाला, "रविवारी." मोठ्यानं, न कुजबुजता.

वार मला येत होते. मीही "रविवारी" म्हणालो. त्यानं ठेवल्यावर थोडा वेळ फोन कानालाच धरून उभा राहिलो, आणि मग चौकटीवरच्या उरलेल्या डिंगऱ्या पसरायला लागलो.